कोरियन पिक्चरचा मी सांगितलेला शेवट

मुलींच्या बालगृहात मी काळजीवाहक म्हणून लागले तेव्हा मला नुकतंच विसावं पूर्ण झालं होतं. ज्यांना मी सांभाळायचं होतं त्यांतली सगळ्यांत मोठी मुलगी पंधरा वर्षांची होती, नववीत. म्हणजे आमच्यात पाचच वर्षांचं अंतर. पहिल्या दिवशी सोलरचं गरम पाणी कोणत्या नळाला येतं आणि किती वाजता संपतं, हे तिनंच मला दाखवलं. मी मान डोलावत राहिले. आपण इथे मोठ्या म्हणून आलो आहोत, हे मला मनातल्या मनात दोन-तीनदा म्हणावं लागलं.

बालगृह जुन्नरच्या थोडं बाहेर आहे. चौदा मुली, एक अधीक्षिका, ज्यांना आम्ही सगळ्या मॅडम म्हणायचो, स्वयंपाकाच्या मावशी आणि मी. काही मुलींना आईवडील दोन्ही नाहीत. काहींना एक जण आहे, पण सांभाळू शकत नाही. माझं राहणं-खाणं तिथंच होतं. सकाळी सगळ्यांच्या वेण्या घालायच्या, डबे भरायचे, मुलींना शाळेत धाडायचं आणि मग मी कॉलेजला पळायचं. मी बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला होते. आमच्या घरात कॉलेजात गेलेली मी पहिली. वडील आमच्या गावी, पेठला, हायवेवरच्या धाब्यावर रोट्या भाजतात, आई बटाट्याच्या काढणीला जाते. आई शेजारणींना सांगायची, "पोरगी हॉस्टेलला मॅडम हाये." मी आधी दुरुस्त करायचे, नंतर सोडून दिलं.

सांगायचं आहे ते एका मुलीबद्दल. ती सहावीत होती, अकरा वर्षांची. तिचे आईवडील नगरकडून ऊसतोडीला यायचे. एका हंगामात ट्रॅक्टरची ट्रॉली उलटली आणि दोघंही गेले. ती बालगृहात आली तेव्हा तिला मराठी वाचता येत नव्हतं, कारण दरवर्षी अर्धी शाळा उसाच्या फडात जायची. दोन वर्षांत ती वाचायला शिकली आणि मग थांबेचना. साबणाचं वेष्टन, एसटीच्या मागचं, मावशींच्या पोथीतलं, जे दिसेल ते मोठ्यानं वाचायची. बाकी ती शांत होती. एक सवय मात्र जुनी होती. आमच्यातली सगळ्यांत धाकटी, पहिलीतली, रडायला लागली की ही तिला उचलून कमरेवर घ्यायची आणि एका पायावर भार देऊन झुलत उभी राहायची. अकरा वर्षांच्या मुलीला तसं उभं राहता येऊ नये, असं मला वाटायचं.

त्या वर्षी पावसाळा संपता संपता कॉलेजातल्या एका मैत्रिणीनं मला फोनवर एक कोरियन पिक्चर दिला. आमच्या वर्गातल्या निम्म्या मुली कोरियन मालिका बघतात. ती म्हणाली, "बघ गं, तुझ्यावरच काढलाय."

पिक्चर असा होता. समुद्राकाठचं एक अनाथाश्रम. बाहेर बर्फ. तिथंच लहानाची मोठी झालेली एक मुलगी, माझ्याच वयाची. आश्रम चालवणारे आजोबा आजारी पडतात आणि सगळ्या पोरांचं तिच्यावर येतं. हिंदी नव्हतं. कोरियन बोलणं आणि खाली इंग्रजी अक्षरं. मला एकटीनंच बघायचा होता, पण बालगृहात एकटीनं काही बघता येत नाही. रविवारी दुपारी मी फोन ट्रंकेवर ठेवला, तांब्याला टेकवला, आणि चौदा डोकी त्याच्यापुढे गोळा झाली.

"ताई, ती काय म्हनली?"

माझं इंग्रजी असं आहे की एक वाक्य समजेपर्यंत पुढचं येऊन जातं. मग मी अर्धं वाचून आणि अर्धं त्या मुलीच्या तोंडाकडे बघून सांगायला लागले.

"म्हणली, पायमोजे घाला नाहीतर फटके देईन."

"तिकडं पन मारतात?"

"मारत नाही. नुसती म्हणते."

"तुझ्यासारखीच हाय की!"

जेवणाचा प्रसंग आला तेव्हा मावशी पण दारात येऊन उभ्या राहिल्या. "ते लाल लाल काय खात्यात?"

"कोबीचं लोणचं आहे, मावशी."

"कोबीचं लोनचं? आन् भाकर कुठाय?"

"ते भातच खातात."

"मग संध्याकाळपतूर पोरींच्या पोटात कावळे वरडत आसतील," असं म्हणून मावशी आत गेल्या, पण पिठाचे हात घेऊन पुन्हा आल्या.

तीन रविवार आम्ही तो पिक्चर थोडा थोडा बघितला. तिसऱ्या रविवारी शेवट आला. आश्रमातल्या एका मुलीला न्यायला तिची आत्या मोटार घेऊन येते. मुलीला जायचं नसतं, पण ती तसं बोलत नाही. ती ताई खाली बसून मुलीच्या कोटाची बटणं एकेक करून लावते, आत्याला वाकून नमस्कार करते, आणि गाडी जाते. मग ती आत येते आणि भांडी घासायला लागते. पिक्चरची दहाएक मिनिटं उरली होती. आमच्या धाकटीनं भोकाड पसरलं.

"मागं जा म्हनावं ना तिला! ती जात का नाय?"

मी फोन बंद केला. "चार्जिंग संपलं."

मग सगळ्या माझ्याकडेच बघायला लागल्या. मी पुढचं तोंडी सांगितलं. म्हणाले, दुसऱ्या दिवशी सकाळी त्या ताईनं बस धरली आणि आत्याचं घर शोधलं. दारात जाऊन बसली. म्हणाली, मुलगी दिल्याशिवाय उठणार नाही. आणि घेऊन आली.

सहावीतल्या त्या मुलीनं विचारलं, "किती वेळ बसली?"

"दिवसभर."

"जेवली का?"

"नाही जेवली."

तिनं मान हलवली. हे तिला बरोबर वाटलं असावं.

नंतर मी उरलेला भाग एकटीनं बघितला. ती ताई कुठेही जात नाही. मुलीचं पत्र येतं, ती ते वाचते, हसते आणि पत्र डब्यात ठेवते. संगीत वाजतं. काढणाऱ्यांना ते सुंदर वाटलं असेल, आणि कदाचित असेलही. मला राग आला. बटणं लावून पोर देऊन टाकायची आणि त्याला माया म्हणायचं, हे मला पटलं नाही. पण तेव्हा तो राग फुकटचा होता, माझं त्यात काही जात नव्हतं.

दिवाळीत बालगृह निम्मं रिकामं होतं. ज्यांना कुणी आहे त्या अर्ज करून, मॅडमची सही घेऊन चार दिवस जातात. पाडव्याच्या सकाळी मॅडम स्वतःच्या गावी होत्या. मावशी, मी आणि सहा मुली. तेव्हा व्हरांड्यात एक माणूस येऊन बसला. नवा पांढरा शर्ट, घडीच्या रेघा तशाच. हातात पिशवी, पिशवीत फराळ आणि एक गुलाबी फ्रॉक. तो सहावीतल्या मुलीचा मामा होता. दोन वर्षांत पहिल्यांदा आला होता.

"भाचीला न्यायला आलोय, ताई. आमची टोळी पारगावला कारखान्यावर उतरलीय. चार दिवसांत आनून सोडतो."

"अर्ज लागतो. मॅडमची सही लागते."

"सही मी करतो की."

"तुमची नाही हो, मॅडमची."

मी चहा आणला तो त्यानं घेतला नाही. मग म्हणाला, "ताई, उद्या भाऊबीज. मला एकच बहीन व्हती. ती गेल्यापून माझ्या कपाळाला कुनी कुकू लावलेलं न्हाई. हिच्या हातनं ओवाळून घ्यावं म्हनतो. आईच्या जागी लेक. दुसरं काय नाय."

मी मॅडमना दोनदा फोन लावला. लागला नाही. स्वयंपाकघरातून मावशी म्हणाल्या, "आगं, भाऊबीजेला आलेल्या मामाला कुनी रिकामं धाडतं का? पाप लागंल."

माझा धाकटा भाऊ पेठला माझी वाट बघत होता आणि मी ड्युटीमुळे जाणार नव्हते. त्याचंही मला आतून लागलेलं होतं. मी त्या माणसाच्या कपाळाकडे बघितलं. खरंच, मला दुसरं काही सुचलं नाही. आमच्याकडे माणूस कशालाही नाही म्हणेल, ओवाळून घ्यायला आलेल्या माणसाला नाही म्हणणार नाही. मी रजिस्टरमध्ये लिहिलं आणि मॅडमच्या जागी माझी सही केली. ती मुलगी गुलाबी फ्रॉक घालून आली. फाटकापर्यंत गेली आणि परत पळत आली. "ताई, गणिताचा स्वाध्याय राहिलाय. आल्यावर करीन. वही कुनाला देऊ नको."

चार दिवस झाले. आठ झाले. शाळा सुरू झाली. मामानं दिलेला नंबर बंद होता. आणखी एक आठवडा गेला आणि मग कुणी सांगायची गरज उरली नाही. कारखाना सुरू झाला होता. ऊसतोडीला नवरा-बायको दोघं फडात गेली की मागे कोपीवर, म्हणजे त्यांच्या झोपडीवर, तान्हं मूल सांभाळायला कुणी तरी लागतं. अकरा वर्षांची भाची त्याला पुरते.

मॅडम माझ्यावर ओरडल्या नाहीत. ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं. त्यांनी मला खुर्चीवर बसवलं आणि एक कोरा कागद पुढे सरकवला.

"लिही. सदर मुलगी स्वखुशीने नातेवाइकांकडे राहण्यास गेली आहे. शाळेला मी कळवलंय, बालकल्याण कमिटीलाही कळवते."

"पण मॅडम, ती स्वखुशीनं नाही गेली. चार दिवसांसाठी गेली होती."

"मामा आहे ना तिचा? परका नाही. आणि सही कुणाची आहे? तुझी. उद्या चौकशी लागली तर तुझी नोकरी जाईल, माझ्यावरही येईल. मी तुला वाचवतेय, बाळ. तुझं शिक्षण आहे, घरची परिस्थिती आहे."

त्या माझ्या भल्याचंच बोलत होत्या. मी पेन हातात घेतलं. 'स्वखुशीने' हा शब्द लिहायचा म्हणून हात पुढे नेला आणि हात थांबला. मी काही धीट मुलगी नाही. वर्गात प्रश्न विचारायचा तर मी वहीत आधी लिहून घेते. तरी त्या दिवशी मी पेन खाली ठेवलं.

"मी नाही लिहिणार, मॅडम."

"मग काय करणार?"

मी कोरा कागद परत त्यांच्याकडे सरकवला.

त्या संध्याकाळी ताटं वाढताना धाकटीनं विचारलं, "ताई, तू बस कधी धरनार?"

"कसली बस?"

"पिच्चरमधल्या ताईनं धरली तशी."

सगळ्या माझ्याकडे बघायला लागल्या. मी आमटी वाढत राहिले. जेवणं झाल्यावर नववीतली मुलगी भांडी आवरायला माझ्यासोबत थांबली. ती सेमी-इंग्रजीला होती. हळूच म्हणाली, "ताई, शेवट तसा नव्हता. मला माहितीय. मी खालचं वाचत व्हते, आन् नंतर तुझ्या फोनवर राहिलेलं पन बघितलं."

माझे कान गरम झाले. "मग सांगितलं का नाहीस?"

"कशाला सांगू? तुझाच चांगला व्हता." तिनं पातेलं पालथं घातलं. "पन आता नाय गेलीस, तर मी लहानींना खरं सांगनार."

सोमवारी सकाळी मी कॉलेजला जाते म्हणून निघाले आणि नारायणगावची एसटी धरली. तिथून मंचर, मंचरहून पारगावची जीप. जीपमध्ये मी एका वाक्याची तयारी करत होते. 'नमस्कार, मी बालगृहातून आले आहे.' त्याच्या पुढचं वाक्य सुचत नव्हतं.

कोप्या सापडायला वेळ लागला नाही. कारखान्याच्या पलीकडे मोकळ्या रानात बांबूच्या चटयांच्या आणि ताडपत्रीच्या बुटक्या झोपड्यांची लांब रांग. माणसं फडात गेलेली. मागे राहिलेल्या म्हाताऱ्या, कुत्री आणि पोरं. रांगेच्या टोकाला, जिथून उभा ऊस सुरू होतो, तिथल्या कोपीपुढे ती उभी होती. अंगात तोच फ्रॉक, आता त्याचा गुलाबी रंग ओळखू येत नव्हता. कमरेवर आठ महिन्यांचं बाळ. एका पायावर भार देऊन झुलत होती.

मला बघून ती पुढे आली नाही.

"तू कशाला आलीस?"

"तुला न्यायला."

"मामा नाय पाठवायचा."

"मग मी बसते."

मी तिथेच दगडावर बसले. तिनं माझ्याकडे बराच वेळ बघितलं.

"जेवलीस का?"

"नाही."

"भाकर हाय. पन देत नाय तुला." मग तिच्या तोंडावर अगदी थोडं हसू आलं. "ती पन जेवली नव्हती ना."

तेव्हा मला कळलं की ही पोर रोज रस्त्याकडे बघत होती. मला तिच्याकडे बघवेना. मी बाळाला घेते म्हटलं तर तिनं दिलं नाही. म्हणाली, मामीनं बजावलंय, बाळ खाली ठेवायचं नाय आन् कुनाला द्यायचं नाय. मागच्या उसात बिबट्या आहे, दोनदा दिसलाय. आत गेलं की ती दाराला पत्रा लावून बसते. हे तिनं असं सांगितलं जसं एखादी मुलगी शाळेचं वेळापत्रक सांगते.

"भाऊबीज झाली का?" मी विचारलं, काही तरी बोलायचं म्हणून.

"झाली. मी ओवाळलं मामाला. लई रडला तो."

"ओवाळणी काय घातली?"

"काय नाय. नंतर देतो म्हनला. माग काय पायजे ते."

दोनच्या सुमाराला मामा-मामी आले. मामीच्या पदराला उसाचं पाचट चिकटलेलं, हात काळे. तिनं आधी बाळ घेतलं आणि तिथंच पाजायला बसली. मामानं मला ओळखलं. त्या दिवशीची नरमाई नव्हती.

"काय काम काढलं, ताई?"

"हिला न्यायला आले. चार दिवस म्हणाला होतात."

"आता हितंच राहनार ती. मामाच्या घरी हाये, बाजारात न्हाई."

"तिची शाळा चालू झालीय."

"शाळा! तुजी झाली का शिकून? मग काय मिळालं, दुसऱ्याची पोरं राखायचीच ना? तेच ती हितं करतीय."

फडातून परतलेल्या आजूबाजूच्या चार-पाच बाया जमल्या होत्या. एक म्हणाली, "लगीन झालंय का गं तुजं?" मी नाही म्हटलं. "मग तुला काय कळायचं पोरांचं," असं म्हणून ती हसली, आणि बाकीच्याही हसल्या. माझे डोळे भरून आले. मी ते पुसले नाहीत, कारण पुसले असते तर दिसलं असतं.

"ती माझ्या सहीनं आलीय," मी म्हणाले. आवाज फार बारीक निघाला. पुन्हा म्हणाले, "ती माझ्या सहीनं बाहेर पडलीय. चूक माझी आहे. तुम्ही चांगलं कारण सांगितलंत आणि मी मानलं. आता मी हिला घेतल्याशिवाय उठणार नाही. तुम्हाला फडात जायचं असेल तर जा. मी इथेच आहे. उद्याही असेन."

मग मामी बोलली. इतका वेळ ती बाळाकडेच बघत होती. "आन् ह्याला कोन बघनार? तू? फडात न्यावं तर कोयत्याखाली येतंय, हितं ठिवावं तर बिबट्या. मी काय करू सांग की. शिकलीयस ना, सांग."

रांगेतली एक म्हातारी म्हणाली, "मी बघते की गं पोराला." मामी म्हणाली, "आत्याबाई, तुमाला सांच्याला दिसत नाय."

मामी खोटं बोलत नव्हती, तिची मान सुद्धा रोजच्या मोळ्यांनी वाकडी झाली होती. मी तिला तेवढंच म्हणू शकले, "बाळाला कोण बघेल ते मला माहीत नाही, मामी. पण ते सहावीतल्या मुलीनं बघायचं नाही. एवढं मला माहीत आहे."

"लई मोठी आली," मामा म्हणाला आणि पाण्याची कळशी उचलून पिऊ लागला.

तेव्हा ती मुलगी पुढे झाली. सगळ्यांसमोर, कुणाकडे न बघता.

"मामा, माजी ओवाळनी राहिलीय."

मामानं कळशी खाली ठेवली.

"तू म्हनला व्हता, माग काय पायजे ते."

त्यानं खिशात हात घातला आणि शंभराची घडी केलेली नोट काढली. तिनं हात पुढे केला नाही. "ते नको. मला शाळंत जायाचंय."

बाया हसायच्या थांबल्या. मामा नोट हातात धरून उभा होता. मला वाटलं तो तिला मारील. मी उठून तिच्या शेजारी जाऊन उभी राहिले. त्यानं नोट परत खिशात घातली. फार वेळानं म्हणाला, "जा. ओवाळनी म्हनून देतो. पन ध्यानात ठिव, आता मामा म्हनून हाक मारायला येऊ नको."

मामी म्हणाली, "आवं, काय बोलताय," आणि बाळाला छातीशी धरून रडायला लागली. कुणासाठी रडत होती कोण जाणे. कदाचित उद्याच्या दिवसासाठी.

ती मुलगी पाया पडायला वाकली, तर मामानं पाय मागे घेतले. मग ती सरळ झाली आणि चालायला लागली. मी तिच्या मागे.

परतीच्या जीपमध्ये ती बाहेरच्या उसाकडे बघत बसली. मंचरला मी वडापाव घेतले, तिनं खाल्ला नाही. नारायणगावच्या स्टँडवर एकदाच म्हणाली, "तू त्याला आधी नाय म्हनली असतीस तर तो माजा मामा राहिला असता." मी हो म्हणाले. दुसरं काय म्हणणार? मुलगी परत आणली म्हणून कुणी माझं कौतुक करू नये. तिच्या जगात तिचा म्हणावा असा एकच माणूस होता आणि तो मागे त्या कोपीपुढे राहिला.

पोहोचलो तेव्हा दिवेलागण झाली होती. धाकटी फाटकावरच तिला चिकटली. मॅडम ऑफिसात होत्या. त्यांनी मला एकटीला बोलावलं.

"तुला कुणी पाठवलं होतं?"

"कुणी नाही."

"काही झालं असतं तर?" त्यांनी रजिस्टर उघडलं, मिटलं. मग म्हणाल्या, "बरं. आली ना. आता असं लिही, मामानं स्वतः आणून सोडली. म्हणजे विषय मिटला."

मी कागद घेतला. या वेळी मला आधी वहीत लिहून बघावं लागलं नाही. लिहिलं, मी परवानगीशिवाय, अधीक्षिकांच्या जागी माझी सही करून मुलगी सोडली. ती शब्द दिल्याप्रमाणे परत आली नाही. मी न विचारता जाऊन तिला परत आणली. ती परत स्वखुशीने आली. खाली सही केली. मॅडमनी तो कागद दोनदा वाचला.

"हा कमिटीपुढे गेला तर तू राहणार नाहीस इथं."

"जाऊ द्या, मॅडम. पण हाच जाईल."

सकाळी मी तिच्या दोन वेण्या घातल्या. गणवेश नववीतलीचा जुना, बाह्या दुमडून, कारण हिचा एव्हाना दुसरीला दिला होता. बाकीच्या मुली पुढे गेल्या आणि मी तिला घेऊन शाळेत गेले, वर्गाच्या दारापर्यंत. वर्गशिक्षिका हजेरी घेत होत्या. त्यांनी मला बाजूला घेतलं.

"अहो, हिच्या नावावर रेघ मारलीय. तुमच्या मॅडमनीच कळवलं होतं, नातेवाइकांकडे गेली म्हणून. आता वरून विचारावं लागेल. तोवर घरीच राहू दे."

"किती दिवस?"

"ते काय सांगू?"

"मग विचारून या. आम्ही थांबतो."

"आता? हेडसर मीटिंगला जायचेत."

"जायच्या आधी विचारा, बाई. आम्ही दारातच आहोत."

त्यांनी माझ्याकडे वैतागून बघितलं. माझ्या खांद्याला कॉलेजची सॅक होती, माझा पहिला तास केव्हाच सुरू झाला होता. पोरं वर्गातून माना वळवून बघत होती. कुणी तरी म्हणालं, "आली का रं ती?" ती मुलगी माझ्या शेजारी ताठ उभी होती, माझा हात न धरता. कालपासून तिनं तो धरलाच नव्हता.

बाई ऑफिसकडे गेल्या. आल्या. पुन्हा गेल्या. मी दारातून हलले नाही. मराठीचा तास संपल्याची घंटा झाली. मग त्या आल्या, मस्टर उघडलं, आणि सगळ्या नावांच्या खाली, शेवटच्या रिकाम्या ओळीत, तिचं नाव नव्यानं लिहिलं. रेघ मारलेलं जुनं नाव वर तसंच होतं. बाईंनी नाव पुकारलं.

तिनं दुमडलेली बाही पुन्हा नीट केली. बाईंनी पुन्हा पुकारलं.

"हजर," ती म्हणाली, आणि माझ्याकडे न बघता आत जाऊन दुसऱ्या बाकावर बसली.